हौशी सामुदायिक दूरचित्रवाणी

व्यावसायिक निर्माते किंवा शासकीय केंद्र यांच्याऐवजी परिसरातील रहिवाशांनीच हौसेने केलेली चित्रनिर्मिती व तिचे त्याच परिसरातील प्रक्षेपण अथवा प्रदर्शन. कॅनडातील फोगो बेटावर १९६७ च्या सुमारास कोळ्यांचे म्हणणे चित्रित करून ते प्रथम त्यांनाच दाखविण्यात आले. पुढे सुवाह्य व्हिडिओ कॅमेऱ्यामुळे चित्रणही सामान्यांच्या हाती आले. अमेरिकेत १९७२ च्या नियमाने मोठ्या शहरांतील केबल चालकांवर नागरिकांसाठी एक वाहिनी राखण्याचे बंधन घातले; १९७९ मध्ये न्यायालयाने ते रद्द ठरविले.

भारतात क्रम उलटा झाला : प्रेक्षक आधी सामुदायिक झाला, निर्माता फार उशिरा. उपग्रह शैक्षणिक दूरचित्रवाणी प्रयोगात (१९७५–७६) सहा राज्यांतील सु. २,४०० खेड्यांत सामूहिक संच बसविले गेले. महाराष्ट्र त्यांत नव्हता. गुजरातमधील खेडा प्रकल्पात ग्रामस्थ कार्यक्रमांत सहभागी होत. मात्र यंत्रणा अहमदाबादच्या अवकाश उपयोग केंद्राची होती. १९८५ मध्ये तेथील पीज प्रक्षेपक बंद झाला.

महाराष्ट्रात ही हौस फुलली ती शासकीय योजनेबाहेर. १९९० नंतर केबल चालक एखाद्या मोकळ्या वाहिनीवर गणेशोत्सव, शाळांची संमेलने व गावच्या बातम्या दाखवू लागले. १९९५ च्या अधिनियमाने त्यांना नोंदणी आवश्यक केली. याहून विलक्षण उदाहरण मालेगावचे (जि. नाशिक). यंत्रमागांच्या या शहरात व्हिडिओगृह चालविणारे शेख नासीर यांनी मालेगाँव के शोले (२०००) हे विडंबन व्हिडिओवर चित्रित केले. नट गावातलेच, त्यांत माग कामगारही. सरकत्या चित्रणासाठी सायकल, उंचावरून चित्रणासाठी बैलगाडी. याला नुसती नक्कल म्हणणे अन्यायाचे होईल, कारण विजेची टंचाई, गुटखा, अस्वच्छता हे गावचे प्रश्न या मंडळींच्या विनोदात सहज शिरतात. फैझा अहमद खान यांच्या माहितीपटाने (२००८) ही निर्मिती जगापुढे आणली. तिचे प्रदर्शन व्हिडिओगृहात होई.

गोव्यात मुख्यालय असलेल्या व्हिडिओ व्हॉलंटिअर्स (स्थापना २००३) या संस्थेने ग्रामीण व वस्त्यांतील स्त्रीपुरुषांना कॅमेरा व संकलन शिकविले. त्यांच्या चित्रफिती गावातच मोठ्या पडद्यावर दाखवून चर्चा होत असे. २००६ च्या धोरणाने सामुदायिक नभोवाणी स्वयंसेवी संस्थांना खुली झाली. दूरचित्रवाणीसाठी तसे धोरण झालेले नाही.