टोपली नू पनीर : एका नावाचा आणि तीन वर्गीकरणांचा इतिहास

१/ जुहू चौपाटीवर 'चीज पावभाजी' आणि 'पनीर पावभाजी' हे दोन वेगळे पदार्थ मानले जातात. चीज वितळते, पनीर तुकडा धरून राहते. म्हणून हा भेद स्वयंसिद्ध वाटतो. परंतु मुंबईतील पारशी घरांत होणारा एक जुना पदार्थ या दोन्ही रकान्यांत नीट बसत नाही. त्याचे नाव टोपली नू पनीर, अर्थात सुरती पनीर.

२/ प्रथम कृती. दूध कोमट करून त्यात रेनेट घालतात. पूर्वी त्यासाठी कोंबडीच्या जठराचे वाळवलेले आतले अस्तर वापरीत. मऊ चक्का जमला की तो वेताच्या लहान टोपल्यांत निथळतात आणि नंतर खारवलेल्या निवळीत, म्हणजे दुधातून सुटलेल्या पाण्यात, ठेवतात. टोपलीची वीण त्या गोळ्यावर उमटलेली राहते.

३/ बाजारातील पनीर निराळे. तेथे कढत दुधात लिंबू, व्हिनेगर किंवा आंबट निवळी घालतात. आम्लाने दुधातील केसीन हे प्रथिन साकळते आणि उष्णतेमुळे निवळीतील प्रथिनेही त्याला चिकटतात. म्हणूनच ते तव्यावर वितळत नाही. रेनेटमधील विकर मात्र केसीनचाच एक भाग कापते आणि निवळीतील प्रथिने बहुतांशी पाण्याबरोबर निघून जातात. युरोपातील बहुतेक चीज याच मार्गाने होते.

४/ आता नाव. फारसीत 'पनीर' म्हणजे कोणतेही चीज. तुर्की 'पेयनिर' हे त्याचेच भावंड. इराणच्या अझरबैजान भागातील प्रसिद्ध लिघवान पनीर मेंढीच्या दुधाचे, रेनेटने जमवलेले आणि खारवणीत मुरवलेले असते. त्या मूळ अर्थाशी टोपली नू पनीर अधिक जवळचे आहे. आम्लाने फाडलेल्या दुधापुरता 'पनीर' हा अर्थ पुढे भारतात संकुचित झाला.

५/ याचा अर्थ फारसी शब्द येण्यापूर्वी येथे दूध फाडतच नव्हते, असा नाही. भारतीयांना दूध फाडणे निषिद्ध होते व पोर्तुगिजांनी बंगालात ते रूढ केले, हे मत के. टी. अचया यांच्यासारख्या अभ्यासकांमुळे सर्वत्र पसरले. परंतु वैदिक चातुर्मास्य यज्ञात तापलेल्या दुधात दही घालून 'आमिक्षा' करीत व ती विश्वेदेवांना अर्पण करीत. उरलेले पाणी म्हणजे 'वाजिन'. ते वाजी नामक देवतांना.

६/ येथेच पहिला वर्गीकरणाचा वाद उभा राहतो. दुधात दही घालायचे ते आमिक्षेसाठी की वाजिनासाठी? जैमिनींच्या पूर्वमीमांसेने निर्णय दिला : प्रयोजन आमिक्षा, वाजिन हे ओघाने मिळणारे. मुख्य उत्पादन आणि उपउत्पादन यांचा हा भेद यज्ञाच्या गरजेतून जन्मला.

७/ बाराव्या शतकात कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या 'मानसोल्लासा'त आंबट घालून फाडलेल्या दुधाचा पदार्थ येतो. सोळाव्या शतकातील भावमिश्राचा 'भावप्रकाश' तर नावांची यादीच देतो : फाटलेले दूध शिजवून झालेला गोळा 'किलाट', न शिजवता फाटलेले ते 'क्षीरशाक', दही वा ताक घालून फाडलेले, फडक्यात बांधलेले ते 'तक्रपिंड', सुटलेले पाणी 'मोरट'.

८/ भावमिश्र फाटलेल्या दुधाला 'नष्ट दुग्ध' म्हणतो. मराठीतील 'नासलेले दूध' त्याच धातूपासून आले आहे. वैद्याचे हे वर्गीकरण पचन आणि गुणधर्म पाहते. रेनेटला त्यात जागा नाही, कारण त्याच्यासमोर दही आणि ताक होते.

९/ तिसरे वर्गीकरण आजच्या कायद्याचे. २०११ च्या अन्न सुरक्षा मानकांत पनीर आणि छेना यांची व्याख्या एकच होती : आंबट दूध, लॅक्टिक किंवा सायट्रिक आम्लाने साकळवलेले. पुढे मर्यादा वेगळ्या झाल्या. पनीरमध्ये पाणी ६० टक्क्यांहून आणि छेन्यात ६५ टक्क्यांहून अधिक नको. चीजच्या व्याख्येत मात्र अप्राणिज रेनेट किंवा अन्य योग्य साकळणारे घटक येतात.

१०/ परिणाम असा की ज्याच्या नावात मूळ फारसी अर्थ टिकला, ते टोपली नू पनीर कायद्याच्या दृष्टीने पनीर ठरत नाही. अप्राणिज रेनेट वापरले तर ते चीजकडे झुकते. जठराच्या अस्तराची जुनी कृती त्या दारातूनही सहज आत जात नाही. पिढ्यान्‌पिढ्यांच्या नावाने घरगुती पनीर विकणाऱ्यासाठी हा शब्दच्छल नाही. वेष्टनावर 'पनीर' छापले की पनीरचे मानक लागू होते.

११/ रोमानियातही असा पेच आहे. तेथे 'ब्रन्झा' म्हणजे सर्वसाधारण चीज, 'काश' म्हणजे रेनेटने जमवलेले ताजे चीज, खारवणीत मुरले की 'तेलेमेआ' आणि निवळीपासून केलेले ते 'उर्दा'. युरोपीय महासंघाने २०१६ साली 'तेलेमेआ दे इबनेश्त' या नावाला प्रदेश आणि कृती यांसह संरक्षण दिले. दुसऱ्याच्या रकान्यात कोंबण्याऐवजी त्या पदार्थासाठी स्वतंत्र रकाना आखला गेला.

१२/ भारतातही हे अशक्य नाही. दह्यातून पाणी निथळून होणारा चक्का आणि त्यापासूनचे श्रीखंड यांना त्यांच्याच देशी नावांनी राष्ट्रीय मानकांत स्वतंत्र व्याख्या आहेत. त्यांना कोणी 'दह्याचे चीज' म्हणायला लावले नाही. रेनेट, टोपली आणि खारी निवळी या तीन खुणांवरून टोपली नू पनीरची व्याख्याही तशीच लिहिता येईल. तशी ती होईपर्यंत त्याच्या वेष्टनावर काय छापायचे, हा प्रश्न ते करणाऱ्यालाच सोडवावा लागेल.