गाऊन काढलेला नकाशा

नकाशा काढणारा आणि गाणारा माणूस एकच असावा, त्याने सूर लावताच डोंगर, नद्या, देवळे आपापल्या जागी उभी राहावीत, असा पेशा एखाद्या अद्भुत कादंबरीत शोभून दिसेल. आमच्या सीमाभागातल्या कोगनोळीत तो माणूस लग्नघरी, रात्रीची जेवणे उरकल्यावर येतो. त्याच्या कमरेला संबळ असतो, जोडीदाराच्या हातात तुणतुणे असते. त्याला नकाशाकार म्हणायचे कुणाला सुचलेले नाही. आपण त्याला गोंधळी म्हणतो.

अशा गायलेल्या नकाशांच्या अभ्यासाला अजून पक्के नाव मिळालेले नाही. लोकसाहित्याचे अभ्यासक गाणे उचलतात, भूगोलाचे अभ्यासक गावे उचलतात, आणि गाण्यात गावे कशी बसवली आहेत हा प्रश्न दोघांच्या हातून निसटतो. वाचकांनी त्या निसटलेल्या प्रश्नाकडे थोडा वेळ पाहावे, एवढीच ही विनंती. त्यासाठी तुम्हाला स्वरज्ञान असायला हवे असे नाही. मलाही ते बेताचेच आहे.

कागदी नकाशाची थोरवी कमी लेखण्याचा येथे हेतू नाही. विल्यम लॅम्बटनने 1802 मध्ये मद्रासजवळ पायारेषा मोजायला घेतली आणि पुढची दोन दशके तो त्रिकोणामागून त्रिकोण जोडत राहिला. 1823 मध्ये त्याने देह ठेवला तो आपल्या हिंगणघाटला. पुढे महसुली मोजणीने काटेकोरपणा शेताच्या बांधापर्यंत आणला. त्या मोजणीतली शंकू साखळी 33 फुटांची. साखळीभर लांब, साखळीभर रुंद, की झाला गुंठा. साखळीचे भाग 16 आणे, आणि तीनतालाच्या मात्राही 16. यावरून काहीही सिद्ध होत नाही. पण निम्मे, पाव, दोन आणे असे झटपट भाग पाडायला जमिनीला आणि तालाला एकच आकडा सोयीचा वाटावा, याची मला गंमत वाटते.

आता अंगणात या. चौरंगावर नवे कापड, त्यावर तांदळाचा चौक, मधोमध कलश, भोवती पाच उसांचा मांडव. दिवटी पेटते, संबळावर काडी पडते आणि गोंधळी एकेका दैवताला त्याच्या गावासकट हाक मारू लागतो. तुळजापूर, कोल्हापूर, माहूर होतात; जेजुरी, पंढरपूर, जोतिबाचा डोंगर होतो. मग आमच्या बाजूची नावे येतात: सौंदत्तीची यल्लम्मा, चिंचलीची मायाक्का, शेजारच्या आप्पाचीवाडीचा हालसिद्धनाथ. लांबचे नाव आले की बसलेल्या बायका नुसते हात जोडतात. जवळचे आले की एकमेकींकडे बघतात, कारण तिथे कुणाची तरी लेक दिलेली असते.

या शास्त्रात मी पहिली चूक केली ती इथेच. एका गोंधळातली सगळी गावे मी नकाशावर टाचण्यांनी खुणावली आणि हाकेच्या क्रमाने दोरा गुंडाळला. नुसता गुंता झाला. दोरा सोलापूरच्या बाजूला जाई, मागे फिरे, विदर्भाच्या टोकाला पळे. घरातल्या एका आजीला तो दाखवला तेव्हा ती हसली. म्हणाली, ‘‘देव काय एश्टीनं येत्यात व्हय?’’ पुढची काही वर्षे मी त्या एका वाक्याचा अर्थ लावण्यात घालवली. गोंधळातला क्रम मानाचा असतो, अंतराचा नव्हे. ज्या घरचे जे कुलदैवत, त्याप्रमाणे तो मान सरकतो. आणि सगळ्या वाटा ज्या एका जागी येऊन मिळतात ती जागा म्हणजे यजमानाचे अंगण. उद्या गोंधळ दुसऱ्या गल्लीत असेल, तर नकाशाचा मध्यही तिथे जाईल.

धनगरी ओवीचा नकाशा वेगळ्या जातीचा आहे. तिथे मध्य नसतो, वाट असते: चरण कुठे, पाणी कुठे, कळप कुठे बसला, देव कुठून कुठे आला. निपाणीजवळच्या अक्कोळला जन्मलेले आणि आदमापूरला विसावलेले बाळूमामा मेंढ्यांमागे ज्या मुलखात हिंडले, तिथे त्यांच्या मेंढ्यांचे बग्गे, म्हणजे कळप, आजही फिरतात, म्हणून ही वाट आम्हाला पुस्तकात शोधावी लागत नाही. जात्यावरच्या ओवीत मात्र बहुधा दोनच ठिकाणे असतात, सासर आणि माहेर, आणि मधल्या रस्त्यावर भाऊ.

ऑस्ट्रेलियातले आदिवासी पाणवठे आणि वाटा गाण्यांच्या माळेत जपतात, हे जगभर कौतुकाने सांगितले जाते. आपल्याकडचे कामही लहान नाही. हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ यांनी सहकाऱ्यांसह 1 लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या जमवल्या, त्याही गावाच्या आणि गाणारणीच्या नोंदीसकट. गुंथर सोन्थायमर यांनी बिरोबा, म्हसकोबा, खंडोबा यांचा माग धनगरांसोबत काढला. अॅन फेल्डहाउस यांच्या ‘कनेक्टेड प्लेसेस’ (2003) या ग्रंथात नद्या, यात्रा आणि साडेतीन पीठांसारख्या स्थानसमूहांतून प्रदेश मनात कसा आकार घेतो, याचा विचार आहे. पण वाचकांनी ग्रंथांपासून सुरुवात करू नये. आधी एक गोंधळ पूर्ण ऐकावा, मग वाचावे. उलट केल्यास अंगणातही तळटिपा दिसू लागतात.

सीमाभागाबद्दल एक शब्द. दूधगंगेच्या पलीकडे कागल, अलीकडे आम्ही, महामार्गावर टोलनाका. 1956 च्या राज्यपुनर्रचनेत बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला, आणि त्यानंतर या पट्ट्याचे किती नकाशे किती टेबलांवर उलगडले गेले ते सर्वांना ठाऊक आहे. गोंधळ्याच्या यादीत जोतिबा आणि यल्लम्मा एका दमात येतात. त्यातून घाईने राजकीय अर्थ काढू नये. यादी जुनी आहे, सीमा नवी आहे.

तुम्ही पहिल्यांदा वही घेऊन बसाल तेव्हा संबळाच्या आवाजात निम्मी नावे निसटतील. निसटू द्यावीत. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच घरातल्या म्हाताऱ्या बाईकडे जावे. ती क्रम चुकू देत नाही, मात्र सुपातले तांदूळ निवडता निवडताच सांगते आणि पुन्हा सांगत नाही. पेन आधीच उघडून ठेवावे.