गाजरावरची झिलई आणि दारूवरचा कर

१९५४ साली जपानच्या दक्षिण टोकाकडील कागोशिमा भागात कोरियामा हाचिमान या जुन्या देवळाची दुरुस्ती चालू होती. जुने लाकूड उतरवताना त्यावर दडवून लिहिलेला मजकूर सापडला. साल होते १५५९ आणि लिहिणारे होते देवळाचे काम करणारे दोन कारागीर. त्यांचे गाऱ्हाणे एवढेच, की येथील मुख्य पुजारी कमालीचा चिक्कू असून त्याने आपल्याला एकदाही ‘शोचू’ पाजली नाही!

शोचू म्हणजे गाळलेली दारू. जपानी लिखाणात हा शब्द आढळतो त्या जुन्यात जुन्या नोंदींपैकी ही एक. साडेचार शतकांपूर्वी मजुरांनी जिच्यासाठी देवाच्या दारी तक्रार लिहून ठेवली, ती दारू पुढे गाजर, कमळकाकडी आणि गोबोच्या भाजीला चकाकी आणण्यासाठी भांड्यात कशी उतरली, आणि सरकारने तिला त्या भांड्यापर्यंत पोहोचू देण्यास किती विलंब लावला, याची ही हकिकत.

या गोष्टीत गोव्याचाही एक धागा आहे. कारागिरांच्या त्या मजकुराच्या तेरा वर्षे आधी, १५४६ साली, जॉर्ज आल्व्हारिस हा पोर्तुगीज व्यापारी याच कागोशिमा परिसरातील यामागावा बंदरात उतरला होता. पुढच्या वर्षी फ्रान्सिस झेवियरसाठी त्याने जपानचे वर्णन लिहून दिले. त्यात तांदळापासून काढलेल्या दारूला तो ‘ओराक्वा’ म्हणतो. हा शब्द जपानी नाही. मूळ अरबी ‘अरक’, त्यातूनच आपला ‘अर्क’ आणि गोव्यातील ‘उर्राक’. पूर्वेकडे दिसणाऱ्या प्रत्येक गाळीव दारूला पोर्तुगीज खलाशी हिंदी महासागराच्या बंदरांत शिकलेले हेच नाव देत. आल्व्हारिसच्याच जहाजातून अंजिरो नावाचा एक जपानी माणूस देश सोडून निघाला आणि १५४८ साली गोव्यात त्याचा बाप्तिस्मा झाला. असो.

आता भांड्याकडे वळू. जपानी स्वयंपाकात भाजीला जी काचेसारखी झिलई दिसते तिला ‘तेरी’ म्हणतात. ‘तेरियाकी’ या जगभर पसरलेल्या शब्दातील ‘तेरी’ तीच. ही झिलई आणणारा पदार्थ म्हणजे ‘मिरिन’. परदेशी दुकानांत तो सॉसच्या फळीवर दिसतो, म्हणून पुष्कळांना तो एखादा पाक किंवा गोड व्हिनेगर वाटतो. खरा मिरिन मात्र मद्य आहे आणि तेही शोचूच्या पोटी जन्मलेले.

त्याची कृती मोठी चतुर आहे. साके ही तांदळाची दारू करताना दोन कामे एकाच वेळी चालतात. ‘कोजी’ नावाची बुरशी तांदळातील पिष्टाची साखर करते आणि यीस्ट त्या साखरेची दारू करते. मिरिनमध्ये दुसरे काम मुद्दाम थांबवले जाते. वाफवलेला चिकट तांदूळ आणि कोजी यांवर पाण्याऐवजी शोचू ओततात. इतक्या तीव्र मद्यात यीस्टला जगता येत नाही, परंतु कोजीने निर्माण केलेली विकरे मात्र निमूटपणे काम करीत राहतात. दीड-दोन महिन्यांत तांदूळ विरघळत जातो, साखर साठत जाते आणि ती खाणारे कोणीच उरत नाही. मग मिश्रण पिळून गाळतात. उरतो तो सुमारे १४ टक्के मद्यार्क आणि चाळीस टक्क्यांहून अधिक साखर असलेला सोनेरी द्रव. उसाचा एक थेंबही न वापरता तयार झालेला पाक!

मिरिनचा एक जुना उल्लेख १५९३ सालचा आहे. तोयोतोमी हिदेत्सुगु या सत्ताधीशाचा लेखनिक कोमाई शिगेकात्सु याच्या रोजनिशीत तो येतो. १६९७ साली छापलेल्या ‘होन्चो शोक्कान’ या आहारविषयक ग्रंथात तर तो शोचूपासून कसा करावा हेही दिले आहे. पण या काळात मिरिन स्वयंपाकासाठी नव्हता, पिण्यासाठी होता. ज्यांना साके सोसत नसे अशांचे हे गोड मद्य, आणि स्त्रियांमध्ये ते विशेष आवडीचे. ओसाका-क्योतो भागात मिरिनमध्ये आणखी शोचू मिसळून, उन्हाळ्यात गार करून पीत. त्या पेयाचे नाव ‘यानागीकागे’, म्हणजे विलो वृक्षाची सावली. ‘आओना’ या लोकप्रिय राकुगो कथेत श्रीमंत घरधनी आपल्या माळ्याला हेच पेय देऊ करतो. आज हे नाव जपानमध्ये बहुतेकांना ठाऊक आहे ते त्या विनोदी कथेमुळे, जिभेमुळे नव्हे.

मग हे पेय चुलीकडे कसे वळले? त्यासाठी त्या काळातील चवींचा हिशेब पाहावा लागतो. १६४३ सालच्या ‘र्योरी मोनोगातारी’ या पाकग्रंथात ‘इरिझाके’ हे महत्त्वाचे चवद्रव्य आहे : साकेत खारवलेले उमे फळ आणि सुकवलेला बोनिटो मासा घालून आटवलेला रस. पुढे एदो, म्हणजे आजचे टोकियो, या शहरात गडद सोया सॉस स्वस्त झाला आणि त्याने इरिझाकेला मागे सारले. सोया सॉसच्या खारटपणाला तोलणारा गोडवा मात्र हवा होता. साखर नागासाकी बंदरातून डच आणि चिनी जहाजांनी येई आणि महाग असे. अठराव्या शतकात शोगुन योशिमुनेने देशी ऊसलागवडीला उत्तेजन दिले, तरी साखर लगेच सामान्यांच्या आवाक्यात आली नाही. मिरिनमध्ये गोडवा तयारच होता, आणि वर चकाकी.

त्याचा पहिला मोठा गिऱ्हाईक म्हणजे एदोतील बाम माशाची दुकाने. १८३७ पासून ‘मोरिसादा मान्को’ ही शहरजीवनाची बृहद्नोंद लिहू लागलेला किटागावा मोरिसादा सांगतो, की बाम भाजताना एदोचे लोक सोया सॉसमध्ये मिरिन घालतात, तर क्योतो-ओसाकाचे लोक साके घालतात. एका वाक्याची ही नोंद, पण दोन शहरांच्या जिभा तिच्यात वेगळ्या झालेल्या दिसतात. एदोच्या सोबा शेवयांच्या रसातही मिरिन शिरला.

एवढ्या मिरिनचा पुरवठा होई नागारेयामाहून. एदो नदीच्या काठचे हे गाव. भोवती तांदळाचा मुलूख आणि दारासमोर थेट राजधानीपर्यंत नेणारा जलमार्ग. जुना मिरिन तांबूस असे. नागारेयामाच्या आकिमोतो आणि होरिकिरी या घराण्यांनी फिकट, स्वच्छ ‘पांढरा मिरिन’ काढला आणि तो एदोत गाजला. यांपैकी आकिमोतो घराण्याचा पाचवा प्रमुख ‘सोजु’ या नावाने हायकू लिहीत असे. कवी कोबायाशी इस्सा त्याचा स्नेही, आणि या मिरिनवाल्याच्या घरी इस्साचा मुक्काम वारंवार पडे. १८७३ च्या व्हिएन्ना येथील जागतिक प्रदर्शनात नागारेयामाचा मिरिन पाठवला गेला आणि तेथे त्याला पारितोषिक मिळाले. होरिकिरींची ‘मान्जो’ ही मुद्रा आज किक्कोमान या सोया सॉसच्या मोठ्या कंपनीकडे आहे.

आणि भाज्या? जपानी जेवणात भात हा राजा. त्याच्यासोबत जे तोंडी लावणे येते त्याला ‘ओकाझु’ म्हणतात. एकोणिसाव्या शतकात एदोमध्ये काटकसरीच्या रोजच्या पदार्थांचे क्रमपट छापले जात, कुस्तीगिरांच्या क्रमपटासारखे. त्यात शाकाहारी बाजूला अगदी वरच्या पंक्तीत ‘किंपिरा गोबो’ दिसतो. गोबो म्हणजे बर्डॉकचे लांब, मातकट, चिवट मूळ. त्याच्या काड्या करायच्या, गाजरासह तेलावर परतायच्या, चवद्रव्ये घालून रस पूर्ण आटेपर्यंत हलवत राहायचे आणि शेवटी लाल मिरची. किंपिरा हे नाव नाटकातले. सतराव्या शतकाच्या मध्यावर एदोत कठपुतळ्यांचे जे रांगडे, आरडाओरड्याचे खेळ गाजले त्यांचा नायक साकाता किंपिरा, म्हणजे ‘किंतारो’ म्हणून प्रसिद्ध असलेल्या वीराचा कल्पित पुत्र. मूळ चिवट, मिरची तिखट आणि गोबो खाल्ल्याने अंगात बळ येते हा समज. त्या काळच्या प्रेक्षकाला एवढे साम्य पुरे झाले.

आजच्या पाककृतीत या भाजीत सोया सॉसबरोबर मिरिन पडतोच, आणि तो नेमके काय करतो हे समजण्याजोगे आहे. मद्यार्क भाजीच्या आत पटकन शिरतो आणि इतर चवींना सोबत नेतो. उकळताना उडून जातो तेव्हा उग्र वासही घेऊन जातो. मिरिनमधील साखर एका जातीची नसते. ग्लुकोजबरोबरच लांब साखळ्यांच्या शर्कराही असतात आणि रस आटला, की त्यांचा पातळ, चमकदार पापुद्रा काड्यांवर बसतो. शिवाय मद्यार्क आणि साखर मिळून भाजीचा आकार मोडू देत नाहीत. अळकुडी आणि कमळकाकडी शिजूनही अखंड राहते ती यामुळे. चकाकी हवी असेल तेथे अनुभवी हात मिरिन शेवटी घालतो, आणि कच्च्या मद्याची धार नको असेल तेथे तो आधी उकळून घेतो. त्याला ‘निकिरी’ म्हणतात.

मद्य वर्ज्य असलेल्या मठांचे काय, हा प्रश्न स्वाभाविक आहे. झेन मठांच्या वेशीवर उग्र भाज्या आणि मद्य आत आणू नये असे बजावणारे दगडी स्तंभ उभे असतात. भिक्षूंनी मात्र साकेला ‘हान्न्यातो’ असे टोपणनाव देऊन ठेवले. हान्न्या म्हणजे संस्कृतातील प्रज्ञा. प्रज्ञेचा काढा!

मठाचा नियम असा सैल झाला, सरकारचा मात्र झाला नाही. आधुनिक जपानने रेल्वे, शाळा आणि सैन्य उभारले त्यात दारूवरच्या कराचा वाटा फार मोठा होता. १८९९ मध्ये घरी मद्य करण्यावर बंदी आली आणि त्याच सुमारास मद्यकराने उत्पन्नात जमीन महसुलालाही मागे टाकले. मिरिन कायद्याने मद्यच, त्यामुळे भाजीत पडणाऱ्या चमचाभर मिरिनवरही दारूचा कर. बामवाल्यांना आणि उपाहारगृहांना तो परवडे, चाळीतल्या गृहिणीला नाही. दुसऱ्या महायुद्धात तांदळाची टंचाई झाली तेव्हा मिरिन करणेच बंद पडले. पोटाला भात नाही तेथे झिलईसाठी तांदूळ कोण देणार? युद्धानंतर उत्पादन पुन्हा सुरू झाले, पण कर इतका जबर होता की मिरिन चैनीची वस्तू राहिला.

१९५० च्या दशकाच्या उत्तरार्धापासून हा कर टप्प्याटप्प्याने खाली आला, आणि मिरिन सामान्य घरांच्या स्वयंपाकघरात सर्रास पोहोचला तो त्यानंतर. ‘आजीच्या हातची पारंपरिक चव’ म्हणून ज्या चकचकीत भाजीचे कौतुक होते, तिची चकाकी पुष्कळ घरांत कोणत्याही प्राचीन रूढीपेक्षा त्या करकपातीची देणगी आहे.

याच काळात कायद्यातील फटही कोणाच्या तरी ध्यानात आली. जपानी कायद्यानुसार १ टक्का किंवा त्याहून अधिक मद्यार्क असलेले पेय ते मद्य. मग साखरेचे पाक, आम्ल आणि चवद्रव्ये एकत्र करून १ टक्क्याहून कमी मद्यार्काचे ‘मिरिनसारखे चवद्रव्य’ बाजारात आले. दुसरी युक्ती आणखी मजेशीर : मद्यार्क तसाच ठेवायचा, पण मीठ घालून ते पिण्यास अयोग्य करायचे. दोहोंवर मद्यकर नाही आणि ती कोणत्याही किराणा दुकानात विकता येत, कारण खरा मिरिन विकण्यासाठी दारूविक्रीचा परवाना लागे. ही अट शिथिल झाली ती १९९० च्या दशकात. नकलेने चकाकी येते, पण मद्यार्काची कामे तिला जमत नाहीत. अस्सल मालावर ‘होन-मिरिन’, म्हणजे खरा मिरिन, असे लिहिण्याची वेळ आली ती याच गर्दीमुळे.

पेय म्हणून मिरिन जवळजवळ विस्मरणात गेला, तरी वर्षातून एक दिवस तो पेल्यात परत येतो. नववर्षाच्या सकाळी दालचिनी आणि सान्शोसारख्या औषधींची पुरचुंडी मिरिन-साकेत भिजवून ‘तोसो’ करतात. लाखेच्या उथळ पेल्यांतून ते घ्यायचे, आणि रीतीप्रमाणे आधी घरातल्या सर्वांत धाकट्याने, शेवटी सर्वांत वडीलधाऱ्याने. समोरच्या डब्यात गोबो, गाजर आणि कमळकाकडीचे ‘निशिमे’ मांडलेले असते, त्याच बाटलीतल्या मिरिनने चकाकणारे.