मृत्यूची भरपाई : १८५५ ते आजची सहा महिन्यांची मुदत

इंग्लंडच्या जुन्या कायद्यात एक विलक्षण विसंगती होती. दुसऱ्याच्या निष्काळजीपणाने एखाद्याचा पाय मोडला, तर तो भरपाईचा दावा लावू शकत असे. तोच माणूस मेला, तर त्याच्या बायकामुलांना दमडीही मिळत नसे, कारण दावा माणसाबरोबरच मरतो असे मानले जाई. दोषी व्यक्तीला जखमी करण्यापेक्षा मारणेच स्वस्त! हा नियम कसा मोडला आणि भंडारा जिल्ह्यातील एकोडीसारख्या गावापर्यंत भरपाईचा हक्क कोणत्या वाटेने आला, ते पाहू. (थ्रेड)

त्या काळी आणखी एक मध्ययुगीन प्रथा टिकून होती. ज्या वस्तूमुळे मृत्यू घडला ती वस्तू, किंवा तिची किंमत, राजसत्तेकडे जमा करायची. गाडीचे चाक, उधळलेला बैल, आणि पुढे चक्क रेल्वेचे इंजिन! १८४१ मध्ये सोनिंग येथे रेल्वे अपघात झाला, तेव्हा पंचांनी एक हजार पौंडांची रक्कम ठरवली. पण तीही मृतांच्या घरच्यांसाठी नव्हती. १८४६ मध्ये ही प्रथा रद्द झाली आणि त्याच वर्षी लॉर्ड कॅम्पबेल यांच्या कायद्याने कुटुंबाला दाव्याचा हक्क दिला.

भारतात बोरीबंदर-ठाणे गाडी १८५३ मध्ये धावली. १८५४ मध्ये नागपूरचे राज्य खालसा झाले, त्यात भंडाराही कंपनी सरकारकडे गेला. पुढच्याच वर्षी, १८५५ मध्ये, कॅम्पबेल यांच्या कायद्याची भारतीय आवृत्ती आली. तिच्यात हक्कदार मोजकेच : पती, पत्नी, आईवडील, मुले (आजीआजोबा व नातवंडे धरून). भाऊबहिणींना जागा नव्हती. भाऊही दावा करू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने मोटार अपघातांपुरते स्पष्ट केले ते १९८७ मध्ये.

कागदावर हक्क आला. पण दिवाणी दावा चालवणे शेतमजुराच्या घराला कुठे परवडणार? १९३९ च्या मोटार वाहन कायद्याने तृतीय पक्षाचा विमा सक्तीचा केला आणि ती सक्ती १९४६ पासून अमलात आली. वाहनमालक कफल्लक असला तरी पैसे देणारा कोणीतरी असेल, हा त्याचा अर्थ. १९५६ च्या दुरुस्तीने दावा न्यायाधिकरणांची तरतूद केली. मात्र अर्जाची मुदत केवळ साठ दिवस! दिवस-तेरावे उरकून कागद जमवायला लागेपर्यंत निम्मी मुदत सरलेली. पुढे ती सहा महिने झाली.

माझ्या मते खरा बदल १९९४ चा, आणि त्याची चर्चा सर्वांत कमी होते. तोवर अपघात जिथे झाला तिथल्याच न्यायाधिकरणात अर्ज करावा लागे. एकोडीचा तरुण कामासाठी पुण्याला गेला आणि तिथल्या रस्त्यावर मेला, तर म्हाताऱ्या आईवडिलांनी पुणे गाठायचे. १९९४ च्या दुरुस्तीने दावेदार राहतो तिथेच अर्ज करण्याची मुभा दिली. म्हणजे या आईवडिलांना भंडारा पुरे. मुदतीची अटही तेव्हाच काढली गेली.

त्याच दुरुस्तीने आलेल्या भरपाईच्या तक्त्यात मात्र एक बोचरी ओळ होती. न कमावणाऱ्या व्यक्तीचे मानीव उत्पन्न वर्षाला १५,००० रुपये. पत्नी न कमावणारी असेल, तर पतीच्या उत्पन्नाचा एक तृतीयांश. रोवणीच्या दिवसांत कमरेतून वाकून धान लावणारी, घरी परतून चूल पेटवणारी बाई पगारपत्रक कुठून आणणार? गृहिणीच्या श्रमाचे असे मोल करण्यावर सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये टीका केली.

धडक देऊन वाहन पळून गेले, तर दावा कोणावर लावायचा? त्यासाठी १९८२ मध्ये वेगळी तरतूद झाली. तेव्हा मृत्यूसाठी ५,००० रुपये मिळत. एप्रिल २०२२ पासून ही रक्कम दोन लाख आहे आणि अर्ज उपविभागीय अधिकारी किंवा तहसीलदारांकडे करता येतो. एकोडीकरांसाठी म्हणजे साकोलीला.

त्याच एप्रिलपासून न्यायाधिकरणातील दाव्यांना सहा महिन्यांची मुदतही पुन्हा लागू झाली.