रोहिणीच्या शेजारची तबकडी

आमचे अण्णा, म्हणजे वडिलांचे थोरले भाऊ, गणिताचे मास्तर होते. दिवाळीच्या सुटीत आम्ही सगळी भावंडं त्यांच्याकडे जमलो की रात्री जेवणं आटोपल्यावर गच्चीवर सतरंज्या पडायच्या आणि अण्णा आकाश दाखवायचे. दहाच्या सुमाराला पूर्वेकडे कृत्तिकांचा पुंजका आणि त्याखाली तांबूस रोहिणी चांगली वर आलेली असायची. अशाच एका रात्री कुणीतरी विचारलं, "अण्णा, पृथ्वी आली कुठून?"

अण्णांचं उत्तर मला अजून आठवतं. फार पूर्वी दुसरा एक तारा आपल्या सूर्याच्या अगदी जवळून गेला. त्याच्या ओढीनं सूर्याच्या अंगावर समुद्रासारखी भरती आली, एक लांबट धार बाहेर ओढली गेली, तिचे तुकडे निवले आणि त्यांचे ग्रह झाले. पुढे ते म्हणाले, "तारे एकमेकांपासून इतके लांब असतात की अशी गाठ पडणं म्हणजे नशीबच. तेव्हा असं घर दुसरीकडे कुठे असेल असं धरून चालू नका. जपून राहा रे."

आम्ही गप्प झालो. एवढ्या ताऱ्यांखाली एकटं असल्याचं मला त्या रात्री पहिल्यांदा जाणवलं.

पुढे बऱ्याच वर्षांनी कळलं, की अण्णा सांगत होते तो सिद्धांत तेव्हाच मोडीत निघाला होता. १९३९ सालीच त्याचा निकाल लागला होता! अण्णांचा काही दोष नव्हता. त्यांच्या कॉलेजच्या दिवसांत सर जेम्स जीन्स या इंग्रज शास्त्रज्ञाची पुस्तकं हातोहात वाचली जात. अण्णांनी जे वाचलं ते मनापासून आम्हाला दिलं. पण मग खरी गोष्ट काय, हे शोधताना एक मजेशीर इतिहास हाती लागला. तोच आज लिहितो आहे.

गोष्टीची सुरुवात १७५५ साली. प्रशियातल्या क्योनिग्सबर्ग गावात इमॅन्युएल कांट नावाचा तिशीतला मास्तर (हो, हाही मास्तरच) एक पुस्तक छापतो, तेही निनावी. हाच पुढे जगप्रसिद्ध तत्त्वज्ञ झाला, पण तेव्हा तो परक्यांच्या घरी मुलं शिकवून नुकताच विद्यापीठात परतला होता. पुस्तकातली कल्पना अशी: सुरुवातीला अवकाशात नुसता विखुरलेला कण-कण होता. गुरुत्वाकर्षणानं तो गोळा होऊ लागला, फिरू लागला, चपटा झाला. मधोमध सूर्य झाला आणि भोवतीच्या चपट्या पसाऱ्यातून ग्रह. नेमका त्याचा प्रकाशक दिवाळखोरीत गेला आणि पुस्तक फारसं कुणाच्या हाती पडलंच नाही.

चाळीस वर्षांनी, १७९६ मध्ये, फ्रान्समध्ये लाप्लासनं जवळपास तीच कल्पना आपल्या वाटेनं मांडली. त्याच्यासमोर एक साधं निरीक्षण होतं. तेव्हा माहीत असलेले सातही ग्रह सूर्याभोवती एकाच दिशेनं फिरतात आणि जवळपास एकाच पातळीत फिरतात. योगायोगानं हे घडणं कठीण. म्हणजे या सगळ्यांचं मूळ एकच असणार: फिरणारा, आकसत जाणारा वायूचा ढग. तो आकसताना कडेनं वायूची कडी मागे सोडत गेला आणि एकेका कड्याचा एकेक ग्रह झाला. तेजोमेघ सिद्धांत म्हणून आपण भूगोलात शिकलो तो हाच.

तो शंभरेक वर्षं सुखानं नांदला. १८८८ मध्ये आयझॅक रॉबर्ट्सनं देवयानीतल्या तेजोमेघाचा लांबलचक वेळ उघडीप देऊन फोटो घेतला, तेव्हा त्यातली वळणदार कडी पाहून लोकांना वाटलं, ही घ्या लाप्लासची सूर्यमाला, आपल्या डोळ्यांदेखत घडते आहे! प्रत्यक्षात ती अब्जावधी ताऱ्यांची आख्खी दीर्घिका होती. पण ते कळायला १९२०चं दशक उजाडावं लागलं.

दरम्यान सिद्धांताचं दुखणं दुसरीकडेच होतं. फुगडी घालताना दोघी एकमेकींच्या जवळ सरकल्या की गिरकी कशी वेगात येते, ते आठवा. मोठा ढग आकसून मध्ये सूर्य झाला असेल, तर सूर्य गरागरा फिरायला हवा. पण तो एका फेरीला पंचवीसेक दिवस घेतो! सूर्यमालेतलं ९९.८ टक्क्यांहून जास्त वस्तुमान सूर्यात आहे, पण फिरण्याचा जोर, पुस्तकी भाषेत कोनीय संवेग, जवळपास सगळा ग्रहांकडे आहे. त्यातही सिंहाचा वाटा गुरूचा. घरातला सगळा पैसा थोरल्याकडे आणि सगळा खर्च मात्र धाकट्यांच्या नावावर, असा काहीसा हा हिशेब. तो जुळेना.

म्हणून विसाव्या शतकाच्या सुरुवातीला शास्त्रज्ञांनी तेजोमेघ सोडून दिला. १९०५ च्या सुमारास शिकागोत चेंबरलिन (हा मुळात भूगर्भशास्त्रज्ञ) आणि मोल्टन यांनी जवळून जाणाऱ्या ताऱ्याची कल्पना मांडली. जीन्स आणि जेफ्रीज यांनी तिला भरतीचं रूप दिलं. फिरण्याचा जोर कुठून आला? पाहुण्या ताऱ्यानं दिला. प्रश्न मिटला! पण या उत्तराची एक किंमत होती. तारे असे जवळ येणं इतकं दुर्मीळ, की ग्रह असलेले तारेही अगदी विरळा ठरले. जीन्सनं १९३० मधल्या आपल्या लोकप्रिय पुस्तकाची सुरुवातच या एकटेपणाच्या वर्णनानं केली आहे. अण्णांच्या गच्चीवर आला होता तो हाच एकटेपणा, मराठीत.

मग हा सिद्धांतही कोसळला. १९३५ मध्ये अमेरिकेच्या हेन्री नॉरिस रसेलनं दाखवलं, की ओढून काढलेलं द्रव्य आजच्या ग्रहांइतकं दूर जाऊन पोचूच शकत नाही. आणि १९३९ मध्ये लायमन स्पिट्झर या पंचविशीतल्या तरुणानं गणित मांडून सांगितलं, की सूर्याच्या पोटातून ओढलेला वायू इतका तापलेला असेल की तो निवून गोळा व्हायच्या आधीच उधळून जाईल. त्या धारेचे ग्रह होणार नाहीत, वाफ होईल.

आता आली का पंचाईत? तेजोमेघ चालत नाही, टक्कर चालत नाही आणि पृथ्वी तर पायाखाली आहे.

वाट सापडली ती जुन्याच कल्पनेची डागडुजी करून. सूर्याचं चुंबकीय क्षेत्र आणि त्याच्यापासून सतत वाहणारा सौरवात मिळून त्याची गिरकी अब्जावधी वर्षांत मंदावतात, हे हळूहळू उमगत गेलं. म्हणजे सूर्य जन्मला तेव्हा वेगात फिरतच होता, पुढे त्याला ब्रेक लागला. कांट-लाप्लास यांची चपटी तबकडी पुन्हा दारात आली.

पण धुळीच्या कणापासून पृथ्वी कशी होते, याचा हिशेब कुणीच पायरीपायरीनं केला नव्हता. तो मॉस्कोत व्हिक्टर साफ्रोनोव यानं केला. तो ऑटो श्मिट यांच्या संस्थेतला. श्मिट म्हणजे गणिती आणि ध्रुवप्रदेशातल्या मोहिमांचे नायक. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्यांनी हा विषय हाती घेतला आणि साफ्रोनोवनं तो पुढे वर्षानुवर्षं चिकाटीनं चालवला. तबकडीत किती वस्तुमान हवं, कण एकमेकांना चिकटून किलोमीटरभराचे गोळे कसे होतात, ते गोळे आदळत, वाढत ग्रह व्हायला किती काळ लागतो, हे सगळं त्यानं कागद-पेन्सिलीनं सोडवलं. पृथ्वीला साधारण दहा कोटी वर्षं लागली असावीत असा त्याचा अंदाज होता. १९६९ मध्ये त्याचं पुस्तक रशियन भाषेत आलं आणि १९७२ मध्ये त्याचं इंग्रजी भाषांतर झालं. मग अमेरिकेत जॉर्ज वेदरिल यानं तेच धागे घेऊन कॉम्प्युटरवर ग्रह घडवून पाहिले. आज खडकांतल्या मूलद्रव्यांवरून पृथ्वीच्या जडणघडणीचा काळ काढतात, तोही काही कोटी ते दहा कोटी वर्षं असाच येतो. पेन्सिलीला सलाम.

हे सगळं चाललं होतं तेव्हा अशी एकही तबकडी कुणी पाहिलेली नव्हती, हे लक्षात घ्या. दोनशेहून अधिक वर्षं माणसं न पाहिलेल्या वस्तूवरून भांडत होती.

१९८३ च्या जानेवारीत इरास नावाची अवरक्त दुर्बीण अवकाशात गेली. उपकरणं जुळवून घ्यायला तिला एक नेहमीचा, भरवशाचा तारा हवा होता. त्यासाठी निवडला आपला अभिजित. पण अभिजितकडून अवरक्त किरण हवे त्याहून कितीतरी जास्त येत होते! आधी वाटलं, उपकरणात चूक असेल. मग ऑमन आणि गिलेट यांच्या लक्षात आलं, की ही ताऱ्याभोवतीची कोमट धूळ आहे. पुढल्याच वर्षी स्मिथ आणि टेरील यांनी चिलीतल्या दुर्बिणीतून बीटा पिक्टोरिस या ताऱ्याचा झगमगाट मधोमध झाकला आणि दोन्ही बाजूंना धुळीची कड दिसली. कडेनं धरलेल्या ताटलीसारखी. या दोन्ही ताऱ्यांभोवतीची धूळ मूळची नव्हे. ती आधीच घडलेल्या गोळ्यांच्या टकरींतून उडालेली, म्हणजे बांधकाम झाल्यावरचा राडारोडा. पण राडारोडा आहे म्हणजे बांधकाम झालं होतं!

चालू असलेलं बांधकाम दिसलं ते हबल दुर्बिणीला. मृग नक्षत्रातल्या तेजोमेघात रॉबर्ट ओडेल यांना नवजात ताऱ्यांभोवती तबकड्या दिसल्या. काही तर उजळ पडद्यापुढे काळ्या ठिपक्यांसारख्या. १९९४ मध्ये त्यांनी जाहीर केलं, की तपासलेल्या ११० ताऱ्यांपैकी ५६ ताऱ्यांभोवती तबकड्या आहेत. निम्म्याहून जास्त. जीन्सच्या हिशेबात एखाद्याच ताऱ्याच्या नशिबी असलेली गोष्ट इथे घरोघरी होती.

आणि अवकाशात मोठी दुर्बीण पाठवावी, ही कल्पना १९४६ मध्ये तपशिलात मांडणारा आणि पुढे तिच्यासाठी झगडणारा माणूस कोण? तोच लायमन स्पिट्झर. ज्यानं टकरीची गोष्ट मोडली, त्याच्याच स्वप्नातल्या दुर्बिणीनं तबकडीची गोष्ट दाखवली. १९९७ मध्ये तो गेला. म्हणजे हे त्याला पाहायला मिळालं. असं भाग्य सगळ्यांना लाभत नाही.

मग नोव्हेंबर २०१४. चिलीच्या अटाकामा वाळवंटात, पाच हजार मीटर उंचीवर, अल्मा नावाच्या ६६ अँटेना आहेत. त्या पंधरा किलोमीटरपर्यंत पसरवून एचएल टॉरी या ताऱ्याचं चित्र घेतलं गेलं. तारा साधारण साडेचारशे प्रकाशवर्षं दूर आणि वय जेमतेम दहा लाख वर्षं, म्हणजे अगदी तान्हा. चित्रात तबकडी आहे आणि तीवर एकात एक काळी वलयं आहेत, ग्रामोफोनच्या जुन्या रेकॉर्डसारखी. इतक्या लवकर ग्रह रेषा आखू लागले की काय, म्हणून तज्ज्ञही चक्रावले. सगळ्या वलयांचं कारण ग्रहच, यावर अजून एकमत नाही. पण २०१८ मध्ये पीडीएस ७० या दुसऱ्या ताऱ्याच्या तबकडीतल्या अशाच मोकळ्या जागेत एक घडता ग्रह थेट फोटोत सापडला. पुढच्या वर्षी त्याचा भाऊही.

सगळं सुटलं असं मात्र नाही. कण चिकटत चिकटत मीटरभराचा धोंडा झाला, की भोवतालचा वायू त्याचा वेग खातो आणि तो शंभरेक वर्षांत ताऱ्यात जाऊन पडतो, असा हिशेब १९७७ मध्ये वायडेनशिलिंगनं मांडला होता. मग पृथ्वी वाचली कशी? कदाचित खडे वायूत झुंडीनं जमतात आणि झुंडच्या झुंड एकदम कोसळून मोठा गोळा होतो, मधली धोक्याची पायरी टाळून. १ जानेवारी २०१९ ला न्यू होरायझन्स यान ॲरोकॉथ या दूरच्या गोळ्याजवळून गेलं. त्याचे दोन भाग एकमेकांना असे अलगद टेकलेले दिसले, की ही कल्पना अनेकांना पटू लागली.

हे चित्र पाहायला अण्णा नव्हते. असते तर त्यांनी चष्मा पुसून पुन्हा पाहिलं असतं आणि स्वतःची चूक कबूल करायला क्षणभरही घेतला नसता. गणिताचे मास्तर होते ते.

एचएल टॉरी आकाशात कुठे आहे म्हणून मी नकाशा काढून बसलो आणि थबकलो. रोहिणीपासून तो फक्त दोन अंशांवर आहे. हात लांब केला तर अंगठ्याच्या रुंदीएवढं अंतर. अण्णा रोहिणी दाखवायला हात वर करायचे, तेव्हा त्या अंगठ्याआड ती तबकडी होती. नुसत्या डोळ्यांना तो तारा दिसत नाहीच. पण पौषात रात्री नऊच्या सुमाराला तो पुण्याच्या जवळजवळ बरोबर डोक्यावरून जातो.

इतर ताऱ्यांभोवतीच्या ग्रहांच्या खात्रीच्या नोंदींनी मार्च २०२२ मध्ये पाच हजारांचा आकडा ओलांडला. घरं पुष्कळ आहेत, एवढं नक्की झालं. त्यांतल्या एकाही घरात दिवा लागलेला अजून कुणी पाहिलेला नाही. त्यामुळे अण्णांचं गणित चुकलं तरी त्यांनी शेवटी सांगितलं होतं, ते मी अजून खोडलेलं नाही. या पौषात भाच्याला गच्चीवर नेणार आहे. त्याला दोन्ही गोष्टी सांगीन, चुकलेली आधी.