मांजर : नर-मादी ओळख

(मालवणी : माजर, नर – बोका, बोको, मादी – मांजरी, जुन्या व्याकरणांत भाटी, शास्त्रीय नाव – फेलिस कॅटस). पाळीव मांजराचे लिंग बाह्य खुणांवरून ठरविण्याची रीत. सिंधुदुर्ग जिल्ह्याच्या किनाऱ्यावर, म्हणजे देवगड, मालवण व वेंगुर्ले या तालुक्यांत, मांजर बहुधा एका घराचे नसते, वाडीचे असते. भातामुळे उंदीर येतात आणि उंदरांमुळे मांजराला घरात थारा मिळतो. पोट मात्र रापणीचे जाळे ओढतात त्या पुळणीवर किंवा मासळीच्या लिलावापाशी भरते. अशा मांजराला हातात घेऊन निरखण्याचा प्रसंग क्वचितच येतो, म्हणून त्याचे लिंग लांबूनच, रंग, डोके, अंगकाठी व वागणूक यांवरून ठरवले जाते. या लांबच्या खुणांपैकी पुरेशा भरवशाची खूण एकच आहे. काळा आणि तांबूस हे दोन्ही रंग एकाच अंगावर असले की ती मादी. नर ठरवणारी तशी कोणतीही रंगखूण नाही. त्यासाठी शेपटीखालीच पाहावे लागते.

मुख्य खूण : शेपूट हळूच वर धरली की दोन छिद्रे दिसतात. वरचे गुदद्वार, खालचे जननछिद्र. नरात खालचे छिद्र गोल व बारीक असते आणि दोहोंमध्ये चांगले अंतर असते, त्यामुळे एकूण आकृती विसर्गासारखी दिसते. मादीत खालचे छिद्र उभ्या चिरेसारखे असून गुदद्वाराला जवळजवळ खेटून असते. दीड-दोन महिन्यांच्या पिलात हे अंतर नरात साधारण सव्वा सेंटीमीटर, मादीत त्याच्या निम्मे. पूर्ण वाढलेल्या बोक्यात अडीच सेंटीमीटर किंवा अधिक, मांजरीत सुमारे सव्वा. नरात याच अंतराच्या जागी पुढे वृषणकोश भरतो. मात्र वृषण दिसत नाहीत म्हणून मादी, हा निष्कर्ष चुकीचा आहे, आणि पिलांच्या बाबतीत बऱ्याच चुका याच निष्कर्षामुळे होतात. पिलाचे वृषण जन्माच्या सुमारास खाली उतरत असले तरी ते मुगाएवढेही नसतात, केसांत लपतात आणि पहिले काही महिने वरखाली सरकत राहतात. बोटाला ते साधारण सहा ते आठ आठवड्यांनंतर लागतात. खुणेचा अभाव हा पुरावा नव्हे. अंतर मात्र दोन्ही लिंगांत मोजता येते आणि कोणत्याही वयात टिकते. स्तनाग्रे पाहून निर्णय देणारेही आढळतात. पण ती नरालाही असतात.

यावर एक रास्त आक्षेप असा की अंतर ही तुलनेची गोष्ट आहे आणि पुळणीवर सापडलेले पिलू एकटेच असते. तुलनेला भावंड नसेल तेव्हा अंतरापेक्षा छिद्राच्या आकाराला महत्त्व द्यावे. गोल ठिपका आणि उभी चीर यांतला फरक एकट्या पिलातही ओळखू येतो. त्यातूनही शंका राहिली तर आठ-दहा दिवस थांबून पुन्हा पाहावे, कारण या वयात पिलू झपाट्याने वाढते. दुसरा आक्षेप जाणत्यांचा आहे : जुन्या घरांतील बायामाणसे पडवीतल्या मांजराकडे नुसते पाहून बोका की मांजरी ते सांगतात आणि ते खरे निघते. ते खरे निघते याचे कारण प्रौढ, खच्ची न केलेल्या बोक्याची लक्षणे ठळकच असतात : गाल भरलेले, मान जाड, कानांवर मारामारीचे ओरखडे, उभ्या भिंतीवर किंवा खांबावर मूत्राची उग्र पिचकारी. (पिचकारी मांजरीही मारते, पण क्वचित.) परंतु ही लक्षणे नरसंप्रेरकांमुळे येतात आणि ती पुरती दिसायला बहुधा वर्ष जाते, तर निर्णय त्याच्या फार आधी हवा असतो. मांजरी चौथ्या ते सहाव्या महिन्यातच माजावर येऊ शकते आणि गर्भकाळ जेमतेम ६३ ते ६५ दिवसांचा. म्हणजे ‘बोका’ म्हणून ठेवलेले पिलू वर्ष भरण्याआधी माळ्यावर विते. शिवाय मांजरीचा माज दिवसाच्या लांबीशी निगडित आहे. उत्तरेकडील थंड देशांत हिवाळ्याचे लहान दिवस तो थांबवतात; १६ उत्तर अक्षांशावरील मालवणात वर्षातल्या सर्वांत लहान आणि सर्वांत मोठ्या दिवसांत सुमारे दोन तासांचाच फरक असल्याने तसा ठाम खंड पडण्याचे कारण राहत नाही. म्हणून ओळख चार महिन्यांच्या आत पटवणे हेच उपयोगाचे.

रंग : तिरंगी मांजर ही मादीच, असे किनाऱ्यावर सर्रास मानतात आणि ते जवळजवळ पूर्ण खरे आहे. तांबूस रंगाचे जनुक एक्स गुणसूत्रावर असते. नराजवळ एक्स एकच, त्यामुळे तो तांबूस असतो किंवा नसतो. मादीजवळ दोन एक्स असतात. एकावर तांबूस व दुसऱ्यावर काळा असा जोड जमला की दोन्ही रंग अंगावर येतात, कारण भ्रूणावस्थेत प्रत्येक पेशी आपल्या दोनांपैकी एक एक्स बंद करते आणि तिची संतती तोच निर्णय पुढे चालवते. ही कल्पना मेरी लायन यांनी १९६१ मध्ये उंदरांच्या केसांच्या रंगावरून मांडली. तिचा दृश्य पाया मात्र मांजरानेच पुरवला होता. कॅनडातील लंडन (ऑन्टॅरिओ) येथे मरे बार व त्यांचे विद्यार्थी इवार्ट बर्ट्रम हे चेतापेशींवर श्रमाचा काय परिणाम होतो ते मांजरांत पाहत असताना काही मांजरांच्या पेशीकेंद्रात एक गडद ठिपका दिसे, काहींत दिसत नसे. नोंदी ताडल्यावर ठिपका असलेली सगळी मांजरे मादी निघाली. हे निरीक्षण १९४९ मध्ये प्रसिद्ध झाले आणि बंद पडलेल्या एक्सच्या त्या ठिपक्याला पुढे ‘बार पिंड’ म्हणू लागले. एका पेशीवरून लिंग सांगण्याची सोय माणसाच्या आधी अशी मांजरात झाली. तिरंगी बोका निघतो तो अपवाद म्हणून, सुमारे तीन हजार तिरंगी मांजरांत एखादा. अशा अनेक बोक्यांत ३८ ऐवजी ३९ गुणसूत्रे, दोन एक्स व एक वाय, असतात हे १९६१ मध्येच दाखवले गेले आणि ते बहुधा वंध्य असतात. खुद्द तांबूस रंगाचे जनुक ओळखायला २०२५ साल उजाडले. जपानमधील क्यूशू विद्यापीठ व अमेरिकेतील स्टॅनफर्ड येथील गटांनी स्वतंत्रपणे दाखवले की एआरएचगॅप३६ या जनुकाजवळचा डीएनएचा सुमारे पाच हजार अक्षरांचा तुकडा गळाल्याने हा रंग येतो.

तिरंगीत पांढरा मोजायचा नसतो, कारण पांढऱ्या ठिगळांचे जनुक वेगळे आहे आणि त्याचा लिंगाशी संबंध नाही. पांढरे-काळे किंवा पांढरे-तांबूस मांजर दोन्ही लिंगांत आढळते. पट्टेरी मांजराच्या अंगावरील करडा, काळा व पांढरा मोजून त्याला तिरंगी ठरवणे ही नेहमीची चूक आहे. उलट काळ्या-तांबूस ठिपक्यांची, पांढऱ्याचा लवलेश नसलेली मांजर तितकीच निश्चित मादी असते.

याच नियमाचा उलटा अर्थ लावून सबंध तांबूस मांजर म्हणजे बोकाच, असे म्हणतात. हे टिकत नाही. समजा, एखाद्या वाडीत पाचांतील एका एक्सवर तांबूस जनुक आहे. मग नरांपैकी २० टक्के तांबूस होतील. माद्यांना मात्र दोन्ही एक्स तसे लागत असल्याने २०च्या २० टक्के, म्हणजे ४ टक्के. नर-माद्या सारख्या संख्येने असतील तर तांबूस मांजरांत सहांतील पाच नर, एक मादी. हेच प्रमाण निम्म्या एक्सपर्यंत वाढले तर नर ५० टक्के व माद्या २५ टक्के तांबूस होऊन तिनांतील एक मादी निघेल. याचा अर्थ, ज्या वस्तीत तांबूस मांजरे जास्त त्याच वस्तीत रंगाची साक्ष कच्ची.

समजुती : मांजरी पिलांना सात घरे फिरवते, ही सर्वत्र आढळणारी समजूत. सातचा आकडा सोडला तर जागा बदलणे खरे आहे. त्यामागे वास, ओल, माणसांचा हात व बोक्याचे भय अशी कारणे सांगतात. बोका फक्त नरपिलेच मारतो, असेही म्हटले जाते. बोका पिले मारतो अशी निरीक्षणे आहेत, पण त्याचे नेहमी दिले जाणारे स्पष्टीकरण असे की पिले गेल्यावर मांजरी लवकर माजावर येते. या हिशेबात मादी पिलाला वाचवण्याचे काही कारण उरत नाही. त्यामुळे वाचलेली पिले माद्याच असणार, असा तर्क धरू नये.

कांडेचोर : नावात ‘मांजर’ असून मार्जारकुलातला नसलेला हा उदमांजर नळ्यांच्या घरांच्या माळ्यावर आणि माडा-काजूच्या बागांत राहतो. लिंगओळखीतील फसगतीचा याहून चांगला दाखला नाही. नर व मादी दोघांच्याही शेपटीखाली गंधग्रंथी असून त्या वृषणांसारख्या दिसतात. पालास या निसर्गशास्त्रज्ञाने १७७७ मध्ये त्याला उभयलिंगी अर्थाचे जातिनाम दिले आणि पॅराडॉक्सुरस हर्माफ्रोडिटस या शास्त्रीय नावात ते आजवर टिकून आहे.

वाघाटी : ठिपकेदार, अगदी लहान रानमांजर, पिलू घरच्या मांजरासारखे भासते. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत असल्याने लिंग पाहण्यासाठीही उचलू नये.

निर्बीजीकरण झालेली मांजरे : वृषण काढलेला बोका लांबून मांजरीसारखा दिसतो, पण छिद्रांमधील अंतर कायम राहते. कानाचे कापलेले टोक शस्त्रक्रियेची खूण आहे, लिंगाची नव्हे. नर व मादी दोघांचेही कापतात.