पायथ्याच्या परसातली कोथिंबीर

रायगडाचा रोपवे जिथून सुटतो त्या हिरकणीवाडीच्या परिसरात पिठलं-भाकरीवर भुरभुरायला कोथिंबीर आता बारमाही मिळते. ती पाहून कोकणी परसात ही पहिल्यापासूनच असणार, असं वाटणं साहजिक आहे. माझ्या मते ते खरं नाही. इथल्या परसातली कोथिंबीर हिवाळ्यापुरती होती. ताटातली वर्षभराची जागा तिला घाटरस्त्यांनी मिळवून दिली.

महाड-पोलादपूरकडे वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या आसपास किंवा त्याहून अधिक पाऊस पडतो, तोही बहुतेक सगळा जून ते सप्टेंबरात. धण्याच्या कोवळ्या रोपाला हा मारा सोसत नाही; पानं चिखलाने माखतात, मुळं कुजतात. म्हणून पावसाळी परस वेलांचं असतं. मांडवावर पडवळ, दोडकी, काकडी आणि ओल्या कोपऱ्यात अळू. पालेभाजीची उणीव रान भरून काढतं, टाकळा, कुर्डू, भारंगी, शेवळं देऊन. कोथिंबिरीची पाळी येते ती भातकापणीनंतर, आणि तेव्हाही शेतात नाही. भात निघालेल्या जमिनीत वाल नुसत्या ओलीवर येतो. कोथिंबिरीचे मात्र धणे रगडून, दोन दळं वेगळी करून पेरावे लागतात. उगवायला आठ-दहा दिवस, खुडायला पाच-सहा आठवडे, आणि तेवढ्या काळात वाफा सुकून चालत नाही. म्हणजे वाल शेतात आणि कोथिंबीर मोरीच्या सांडपाण्यावर. भांडी घासलेल्या पाण्यात जेवढी जमीन भिजेल तेवढंच तिचं क्षेत्र. उकाडा वाढला की ती फुलावर येते, पानं दोऱ्यासारखी बारीक होतात, आणि नेमकी त्याच सुमारास डोंगरातल्या वाड्यांना प्यायच्या पाण्याचीच ओढ लागते. एवढा पाऊस पडूनही उतारावर तो ठरत नाही, हे कोकणाचं जुनंच रडगाणं.

यावर कोणी म्हणेल, पाणिनीच्या अष्टाध्यायीत कुस्तुंबुरु आहे, मग कोथिंबीर इथे नवी कशी? पण भूमध्य समुद्राकडचं हे पीक दूरदूर पोचलं ते धण्याच्या रूपाने. वाळलेले, हलके, सहसा न नासणारे धणे बैलाच्या पाठीवरच्या गोणीतून कुठेही जाऊ शकत. महाड हे सावित्रीच्या खाडीवरचं जुनं व्यापारी गाव. खालून मीठ आणि सुकी मासळी घाट चढे, घाटावरचा माल उतरे. मसाल्याच्या डब्यात धणे होते म्हणून परसात पाला होता, असं ठरत नाही.

दुसरा आक्षेप याहून वजनदार आहे. गडावर राजधानी होती, बाजारपेठ होती. खालच्या वाड्यांनी तिला ताजी भाजी पुरवली नसेल का? हिरकणीच्या कथेतही खालून दूध वर जातं. (दंतकथा हा पुरावा नव्हे, पण तिने गृहीत धरलेला व्यवहार पटणारा आहे.) पुरवठा झाला असेल, हे मला मान्य आहे, प्रश्न महिन्यांचा आहे. राज्याभिषेक झाला जून १६७४ मध्ये, पावसाच्या तोंडावर. तेव्हा आलेल्या हेन्री ऑक्झिंडेनच्या इंग्रज वकिलातीची हकीकत डॉ. फ्रायरच्या १६९८ साली छापलेल्या प्रवासवर्णनात आहे. तीत इथल्या लोकांचं अन्न म्हणून खिचडी-तूप येतं, आणि इंग्रजांना मटण देणारा खाटीक येतो. पाल्याविषयी ती काही सांगत नाही याला मी महत्त्व देत नाही. पाहुण्यांचं सगळं लक्ष बकऱ्यावर होतं. महत्त्व आहे ते याला, की वर्षभर भाजी मागणारं गिऱ्हाईकच फार काळ टिकलं नाही. १६८९ मध्ये गड मोगलांनी घेतला आणि राजधानी संपली. १८१८ मध्ये इंग्रजांच्या तोफांनी उरलंसुरलं जाळलं. परसाचा मळा व्हायला जी मागणी लागते, ती पुन्हा आली तेव्हा पर्यटकांच्या रूपाने आली, विशेषतः १९९६ मध्ये रोपवे सुरू झाल्यावर.

तोवर नाशिक-पुण्याकडची जुडी घाटरस्त्यांवरच्या ट्रकमधून खाली उतरू लागली होती. घाटमाथ्याच्या पलीकडे, पूर्वेला, पाऊस बेताचा, त्यामुळे तिथे ती पावसाळ्यातही निघते. इथे मात्र उतरायच्या वाटांपैकी वरंध घाट दरडींनी बंद पडतो तो नेमका परस रिकामं असतं त्याच महिन्यांत. हल्ली प्लास्टिकच्या आच्छादनाखाली कुंडीत भर पावसातही कोथिंबीर काढता येते. त्यासाठीही धणे बहुधा दुकानातूनच आणावे लागतात, कारण झाड बियांवर येईपर्यंत त्याला पाणी घालायचं तर ते हंड्यातलंच घालावं लागेल.